एका डोळ्याची किंमत

मांडव घालून झाला आहे, आचाऱ्याला विसार दिला आहे, वऱ्हाडाचे कपडे शिवून आले आहेत आणि ऐन वेळी नवऱ्या मुलाकडून नकार येतो! अशा वेळी घरातल्या कर्त्या माणसाने काय करावे? १९८८ साली अमेरिकेतील ‘कॅनन फिल्म्स’ या चित्रपट कंपनीवर नेमका हाच प्रसंग ओढवला. नेपथ्य तयार, पोशाख तयार, सुमारे २० लाख डॉलर खर्ची पडलेले, आणि ज्या दोन चित्रपटांसाठी हा खटाटोप चालला होता ते दोन्ही चित्रपट रद्द! कंपनीने यावर जो तोडगा काढला तो एखाद्या खमक्या आजीबाईंना शोभला असता. मांडव आहे ना? मग त्यात दुसरे लग्न लावून टाका.

त्या घाईच्या लग्नाचे नाव ‘सायबॉर्ग’. एप्रिल १९८९ मध्ये अमेरिकेत झळकलेला हा देमार विज्ञानपट सुमारे ५ लाख डॉलरांत आणि अवघ्या २३ दिवसांत चित्रित झाला, असे सांगितले जाते. त्या वेळच्या दराने ही रक्कम सत्तर-ऐंशी लाख रुपयांच्या घरात जाते. म्हणजे वाया गेलेल्या तयारीचा खर्च मोठा आणि प्रत्यक्ष चित्रपट त्याच्या पावपट! चित्रपटधंद्यात ही काटकसर आजही कौतुकाने सांगितली जाते. पण या काटकसरीचा हिशेब चित्रपटगृहात संपला नाही. तो पुढे पाच वर्षे चालला आणि एका न्यायालयात मिटला.

दोन भाऊ, दोन बाहुले

मेनाहेम गोलान आणि योरम ग्लोबस हे इस्रायलहून आलेले चुलतभाऊ. १९७९ साली त्यांनी बुडीत निघालेली कॅनन कंपनी विकत घेतली आणि स्वस्तात भराभर चित्रपट काढण्याचा सपाटा लावला. चक नॉरिस, चार्ल्स ब्रॉन्सन यांची बंदुकीची दुकाने बहुतांशी यांच्याच छत्राखाली चालत. यशाने हुरळून दोघे भाऊ मोठ्या खर्चाच्या चित्रपटांकडे वळले आणि तेथेच घसरले. १९८७ सालचा चौथा ‘सुपरमॅन’ आपटला. त्याच वर्षीचा, ‘ही-मॅन’ या बाहुल्यावरचा ‘मास्टर्स ऑफ द युनिव्हर्स’ही आपटला. आपल्याकडे दूरदर्शनवर ही-मॅनची कार्टून पाहण्यासाठी मुले जेवणाचे ताट घेऊन बसत. त्याच ही-मॅनने कॅननच्या तिजोरीला भगदाड पाडले.

तरीही ही-मॅनचा दुसरा भाग आणि ‘स्पायडरमॅन’ असे दोन चित्रपट एकदमच काढण्याचे घाटत होते. दोन्हींचा दिग्दर्शक एकच, आल्बर्ट प्यून. त्याने पुढे सांगितलेली योजना ऐकून हसावे की रडावे कळत नाही. आधी स्पायडरमॅनमधील किडकिडीत नायकाची दृश्ये घ्यायची. मग नायक व्यायामशाळेत जाऊन दंड-छाती कमावत असताना तिकडे ही-मॅन उरकून घ्यायचा. आणि नायक पुष्ट झाला की परत येऊन स्पायडरमॅन पुरा करायचा! पण कॅननची आर्थिक तारांबळ वाढली आणि बाहुल्यांची कंपनी मॅटेल व चित्रकथांची कंपनी मार्व्हेल या दोघींबरोबरचे करार मोडीत निघाले. याच स्पायडरमॅनच्या हक्कांवरून नंतर कितीतरी वर्षे कोर्टकज्जे चालले. तो मोठ्या पडद्यावर थाटाने आला तो थेट २००२ साली, दुसऱ्याच कंपनीच्या छत्राखाली.

राहिला तो कपडेपट आणि राहिला प्यून. त्याने एका शनिवार-रविवारात नवे कथानक लिहून काढले. श्रेयनामावलीत लेखक म्हणून ‘किटी चाल्मर्स’ असे नाव झळकते. ते टोपणनाव.

गिटारच्या दुकानातली पात्रे

कथा साधी आहे. भविष्यात कधीतरी अमेरिकेत भीषण साथ पसरली आहे. शहरे ओस पडली आहेत, सरकार उरलेले नाही, दरोडेखोरांच्या टोळ्या मोकाट आहेत. साथीवरचा उपाय शोधण्यासाठी लागणारी माहिती न्यूयॉर्कमधील एका संगणकात आहे आणि तो उपाय तयार करू शकणारे शास्त्रज्ञ दूर अटलांटा शहरात. ही माहिती घेऊन जाण्याचे काम पर्ल नावाची तरुणी पत्करते. त्यासाठी ती स्वतःच्या देहात यंत्र बसवून घेते आणि अर्धी माणूस, अर्धी यंत्र होते. हीच सायबॉर्ग. फेंडर नावाचा क्रूर टोळीप्रमुख तिला पळवतो, कारण औषध ज्याच्या हाती त्याच्या हाती सत्ता. फेंडरने पूर्वी ज्याचे सुखाचे दिवस उद्ध्वस्त केले आहेत तो गिब्सन नावाचा लढवय्या वाटाड्या त्यांचा पाठलाग करतो. त्या भूमिकेत आहे जाँ-क्लोद व्हॅन डॅम. म्हणजे शीर्षक नायिकेचे आणि भित्तिचित्रावर चेहरा नायकाचा! चित्रपट पाहून बाहेर पडणाऱ्या अनेकांचा समज व्हॅन डॅम हाच यंत्रमानव होता असा झाला असल्यास नवल नाही.

पात्रांच्या नावांत एक गंमत आहे. गिब्सन, रिकनबॅकर, फेंडर ही गिटार बनवणाऱ्या कंपन्यांची नावे. पर्ल ही ढोल-ड्रम बनवणारी कंपनी आणि ‘प्रॉफेट’ नावाचे एक कळफलकाचे वाद्य. त्यावरून नायिका पर्ल प्रॉफेट. तिचा साथीदार मार्शल स्ट्रॅट, कारण मार्शल हा गिटारला जोडायचा ध्वनिवर्धक आणि स्ट्रॅट हा गिटारचा एक प्रकार. वाद्यांच्या दुकानातून फेरफटका मारावा तशी ही पात्रयोजना! दोन दिवसांत लिहायचे तर नावे शोधायला वेळ कुठला?

या जातीच्या कथांना इंग्रजीत ‘सायबरपंक’ म्हणतात. ब्रूस बेथ्की या लेखकाने १९८३ साली आपल्या एका कथेला हे नाव दिले आणि पुढच्याच वर्षी आलेल्या विल्यम गिब्सनच्या ‘न्यूरोमॅन्सर’ या कादंबरीने ही जात रूढ केली. (चित्रपटातला गिब्सन मात्र गिटारवरचा, लेखकावरचा नव्हे.) यंत्रे अतिशय पुढारलेली, माणसांचे जगणे मात्र गटारकाठचे, असे या कथांमधले जग असते. ‘सायबॉर्ग’ हा शब्द त्याहून जुना. १९६० साली मॅनफ्रेड क्लाइन्स आणि नेथन क्लाइन या दोन शास्त्रज्ञांनी तो घडवला तो अंतराळवीरांसाठी. अंतराळात पृथ्वीसारखी हवा नेण्यापेक्षा माणसाच्या देहातच बदल करावा, असा त्यांचा विचार होता. चित्रपटवाल्यांनी त्या शब्दाच्या हाती बंदूक दिली.

गरिबीचे नेपथ्य

सायबरपंक चित्रपट म्हटला की जाणत्या प्रेक्षकाच्या डोळ्यांपुढे १९८२ सालचा ‘ब्लेड रनर’ उभा राहतो: रंगीत दिव्यांच्या पाट्या, धुके, गगनाला भिडलेल्या इमारती. त्यावर जवळपास तीन कोटी डॉलर खर्च झाले होते. १९८४ सालचा जेम्स कॅमेरॉनचा ‘टर्मिनेटर’ स्वस्तातला म्हणून गाजला, तरी त्यालाही ६४ लाख डॉलर लागले. या रांगेत ५ लाखवाल्याने उभे राहावे तरी कसे?

प्यूनने यावर शोधलेली युक्ती मान्य करावी लागेल. पुढारलेले जग दाखवायला पैसे लागतात, मोडलेले जग दाखवायला लागत नाहीत. नॉर्थ कॅरोलिना राज्यातील विल्मिंग्टन हे समुद्रकाठचे शहर. इटालियन निर्माता दिनो दे लॉरेंतिस याने तेथे स्टुडिओ उभारल्यामुळे चित्रपटाची जाणकार माणसे हाताशी होती आणि हॉलिवूडच्या मानाने सगळेच स्वस्त होते. पडक्या भिंती, दलदल, ओसाड किनारा हे नेपथ्य निसर्गाने फुकट दिले. संवाद कमीत कमी, कारण बोलणाऱ्या नटाला जास्त वेळ लागतो. शेवटची हाणामारी रात्रीच्या मुसळधार पावसात, कारण अंधारात आणि पावसात उणिवा झाकल्या जातात. ‘सायबॉर्ग’ नावाच्या चित्रपटात सायबॉर्गच्या डोक्याआतले यंत्र मोजक्याच क्षणी दिसते, तेही या हिशेबानेच. पैसे नाहीत म्हणून केलेल्या या साऱ्या तडजोडींतून पडद्यावर एक उजाड, भकास वातावरण मात्र खरोखरच उभे राहिले. किनाऱ्यावर रुतलेल्या जहाजाच्या डोलकाठीवर नायकाला टांगले आहे आणि तो जिवाच्या आकांताने टाचेने लाकडावर प्रहार करून ती डोलकाठी मोडतो, हे दृश्य पाहिलेला माणूस बाकी कथा विसरेल, ते विसरणार नाही.

प्यूनकडे ही नजर आली कुठून? हवाई बेटांवरचा हा मुलगा तरुण वयात तोशिरो मिफुने या थोर जपानी अभिनेत्याच्या निमंत्रणावरून जपानला गेला आणि अकिरा कुरोसावांच्या चित्रपटांचे छायाचित्रकार ताकाओ साइतो यांच्या हाताखाली उमेदवारी करून आला. १९८२ सालच्या ‘द सोर्ड अँड द सॉर्सरर’ या त्याच्या पहिल्याच चित्रपटाने बक्कळ गल्ला जमवला. पण त्या चित्रपटाच्या चित्रीकरणातच, १९८१ साली, एक स्टंटमन उंचावरून उडी घेताना दगावला होता. पुढे चाळीसहून अधिक चित्रपट प्यूनने काढले. जवळजवळ सगळेच तुटपुंज्या पैशांत, अनेक सायबॉर्गवरचे. हातचा स्पायडरमॅन गेला, पण १९९० साली त्याने ‘कॅप्टन अमेरिका’ काढला, तोही काटकसरीतच. २०२२ साली तो वारला. मोठ्या कंपनीचा मोठा पैसा त्याच्या वाट्याला कधी आलाच नाही.

नायकाची निवड मात्र प्यूनची नव्हती. त्याच्या डोळ्यांसमोर चक नॉरिस होता. गोलानने घोडे पुढे केले ते व्हॅन डॅमचे. ब्रुसेल्सचा हा कराटेपटू हॉलिवूडमध्ये पिझ्झा पोचवणे, गाडी चालवणे असली कामे करत फिरत होता. एका उपाहारगृहाबाहेर गोलान दिसताच त्याने गोलानच्या डोक्यावरून सफाईदार लाथ फिरवून दाखवली आणि काम मिळवले, असा किस्सा तो स्वतःच सांगत आला आहे. त्यातून मिळालेला ‘ब्लडस्पोर्ट’ १९८८ साली अमेरिकेत लागला आणि चालला. आपल्याकडेही व्हिडिओ पार्लर आणि नंतर केबलवाल्यांच्या कृपेने त्याच्या लाथा गल्लोगल्ली पोचल्या. पाय सरळ १८० अंशांत फाकवून बसण्याची त्याची ती बैठक करू पाहणाऱ्या किती मुलांच्या पायजम्यांची शिवण उसवली असेल, ते त्यांच्या आयांनाच ठाऊक!

नकली सुरी, खरा डोळा

पडद्यावरची मारामारी ही फसवणुकीची कला आहे. ठोसा गालापासून वीतभर दूरून जातो. कॅमेरा अशा कोनात ठेवतात की मधले अंतर दिसू नये. मार खाणारा योग्य क्षणी मान झटकतो आणि ‘धाड्’ असा आवाज नंतर भरला जातो. शस्त्रे रबराची किंवा बोथट असतात. पण या सगळ्याचा पाया शस्त्रात नसतो, तो पाठांतरात असतो. किती पावले पुढे, हात कुठल्या उंचीवरून, समोरचा कधी वाकणार, हे गाण्याच्या तालासारखे मोजून पुन्हा पुन्हा बसवावे लागते. आपल्याकडचे फाइट मास्टर हेच करतात. कसलेले स्टंटमन एकमेकांचा अंदाज वर्षानुवर्षे ओळखून असतात. नवख्या माणसाला तो अंदाज नसतो. म्हणून त्याच्यासाठी तालीम जास्त लागते आणि तालमीला वेळ लागतो.

फेंडरच्या टोळीसाठी धिप्पाड माणसे हवी होती. विल्मिंग्टनपासून दोन-अडीच तासांवर फोर्ट ब्रॅग ही अमेरिकी सैन्याची मोठी छावणी आहे. तेथील एक पिळदार देहाचा जवान या चित्रपटात एक्स्ट्रा म्हणून काम करायला आला. चेहरा क्षणभर दिसणार, नाव कुणाच्या लक्षातही राहणार नाही, असे ते काम. नायकाबरोबरच्या झटापटीचे दृश्य सुरू असताना व्हॅन डॅमच्या हातातली नकली सुरी त्या जवानाच्या डोळ्याला लागली. सुरी नकली होती. जखम खरी होती. त्या डोळ्याची दृष्टी कायमची गेली.

‘कुली’च्या चित्रीकरणात १९८२ साली अमिताभ बच्चन जखमी झाला तेव्हा देशभर देवळांतून अभिषेक झाले, मशिदींत दुआ मागितल्या गेल्या. चित्रपट लागला तेव्हा तो ठोसा बसल्याचा क्षण पडद्यावर थांबवून खाली तसे लिहूनही दाखवले गेले. विल्मिंग्टनमध्ये यातले काही झाले नाही. चित्रपट पुरा झाला.

खरे तर या चित्रपटात डोळ्यांना फार महत्त्व आहे. फेंडर सतत काळा चष्मा लावून वावरतो. तो चष्मा काढतो तेव्हा त्याचे फिकट, गोठल्यासारखे डोळे पाहून अंगावर काटा यावा अशी योजना आहे. व्हिन्सेंट क्लिन या धिप्पाड नटाने ही भूमिका केली आणि ती त्याच्या नजरेमुळेच लक्षात राहते. ती नजर भिंगे बसवून आणली होती आणि कॅमेरा तिच्यावरून हलत नाही.

गल्ल्याचा आणि कोर्टाचा हिशेब

प्यूनने जुळवलेला चित्रपट कंपनीला पसंत पडला नाही. व्हॅन डॅमने पटकथाकार शेल्डन लेटिच याला हाताशी धरून तो नव्याने कापला-जोडला. संगीत बदलले. सेन्सॉरचे काम पाहणाऱ्या मंडळाने आधी फक्त प्रौढांसाठीचे, धंद्याला मारक असे ‘एक्स’ प्रमाणपत्र देऊ केले, तेव्हा हिंसेची आणखी काटछाट झाली. (प्यूनच्या मूळ मनातली आवृत्ती ‘स्लिंगर’ या नावाने बाहेर आली ती २०११ साली, तोवर सगळ्यांचे केस पिकले होते.) समीक्षकांनी यथेच्छ झोडपले. पण पिटातल्या प्रेक्षकाने पाठ थोपटली आणि एकट्या अमेरिकेत १ कोटी डॉलरांहून अधिक गल्ला जमला. घातलेल्या पैशांच्या वीसपट!

कॅननला मात्र हे यश वाचवू शकले नाही. १९८९ मध्येच गोलान बाहेर पडला, भाऊ वेगळे झाले, कंपनी दुसऱ्याच्या हाती गेली. ‘सायबॉर्ग’चे आणखी दोन भाग निघाले. त्यातल्या १९९३ च्या दुसऱ्या भागात नायिका म्हणून एक कोवळी मुलगी उभी राहिली, तिचे नाव अँजेलिना जोली. व्हॅन डॅमचा भाव चढतच गेला.

इकडे तो एक डोळा गमावलेला जवान न्यायालयात गेला होता. त्याचे म्हणणे सरळ होते: नायकाने शस्त्र चालवताना जी काळजी घ्यायला हवी होती ती घेतली नाही. खटला उभा राहिला तो हॉलिवूडच्या झगमगाटात नव्हे, तर फोर्ट ब्रॅगला लागून असलेल्या फेएटव्हिल शहरात, कंबरलँड काउंटीच्या न्यायालयात. ज्यूरीत बसलेली होती ती त्याच भागातली सामान्य माणसे. अशा खटल्यात अवघड मुद्दा असतो तो एकच. मारामारीच्या दृश्यात काम करायला जो स्वखुशीने उभा राहतो, त्याने इजा होण्याचा धोकाही पत्करला असे समजायचे का? १९९३ साली ज्यूरीने व्हॅन डॅमला निष्काळजीपणाबद्दल जबाबदार धरले आणि त्याने जवानाला पावणेपाच लाख डॉलरांहून अधिक भरपाई द्यावी, असा कौल दिला.

आकडा पुन्हा पाहावा. नेपथ्य, पोशाख, कॅमेरा, नट, जेवणखाण, २३ दिवसांचे भाडे, सगळे धरून चित्रपट उभा राहिला तो सुमारे ५ लाखांत. आणि ज्यूरीने एका एक्स्ट्राच्या एका डोळ्याचे मोल ठरवले तेही जवळजवळ तेवढेच. या भरपाईचा चित्रपटाच्या अंदाजपत्रकात अर्थातच समावेश नव्हता. आजही ‘सर्वांत स्वस्तातले यशस्वी चित्रपट’ अशा याद्या निघतात तेव्हा ‘सायबॉर्ग’च्या नावापुढे ५ लाखच लिहिले जातात.

व्हॅन डॅमने वरच्या न्यायालयात अपील केले. १९९४ साली त्याचा ‘टाइमकॉप’ लागला आणि जगभरात मिळून १० कोटी डॉलरांचा पल्ला ओलांडणारा त्याचा पहिला चित्रपट ठरला. त्याच वर्षी नॉर्थ कॅरोलिनाच्या अपील न्यायालयाने निकाल दिला. भरपाई कायम राहिली.